चिखलदरा पावसात नाही, जानेवारीत पाहा: लाल गाडीनं जाऊन तीन मुक्काम

चिखलदऱ्याला मी आजवर सहा-सात वेळा गेले असेन, आणि प्रत्येक वेळी ऑगस्टमध्ये. अमरावतीकरांचं तसंच असतं. विदर्भातलं एकुलतं एक थंड हवेचं ठिकाण, घरापासून ऐंशी-पंच्याऐंशी किलोमीटरवर, मग पहिली झड लागली की शनिवार-रविवारी निम्मं शहर तिकडे. देवी पॉइंटला जायचं, कठड्याशी उभं राहायचं, समोर सगळं पांढरं. भाजलेलं कणीस खायचं, फोटो काढायचे, गाड्यांच्या रांगेत दोन तास काढून रात्री घरी. इतक्या वेळा जाऊनही कठड्यापलीकडची दरी कशी दिसते हे मला माहीत नव्हतं.

या जानेवारीत बाबांना घेऊन गेले. मंगळवारी सकाळी निघालो, शुक्रवारी दुपारी परत. हा अनुभव सविस्तर लिहितेय, कारण घरात ज्येष्ठ माणसं आहेत आणि गाडी नाही, अशा लोकांना चिखलदरा आपल्यासाठी नाही असं वाटतं. ते चुकीचं आहे.

आधी बाबांबद्दल सांगायला हवं. ते एसटीत ड्रायव्हर होते. १९८४ ते १९९५ परतवाडा डेपोला. चिखलदरा, सेमाडोह, धारणी, सगळ्या घाटातल्या गाड्या त्यांनी चालवल्या. चिखलदऱ्याला किती वेळा गेलात असं विचारलं की म्हणतात, "हजारदा तरी." पण या हजार वेळांत त्यांनी पाहिलं काय, तर स्टँड, स्टँडसमोरचा चहा आणि मुक्कामी गाडी असली की गाडीतलाच मागचा लांब बाक. अर्ध्या-पाऊण तासात गाडी फिरवायची आणि खाली उतरायचं. तिथला गाविलगड किल्ला पाहिला का, म्हटलं तर उत्तर, "रस्त्यावरून दिसते न." म्हणून मी ठरवलं की यांना वर न्यायचं, आणि एसटीनंच न्यायचं.

खर्चाच्या दृष्टीनं एसटीला तोड नाही. ७५ च्या पुढच्या ज्येष्ठांना २०२२ पासून प्रवास मोफत आहे आणि बायकांना २०२३ पासून अर्धं तिकीट. बाबा ७७ वर्षांचे, म्हणजे आम्हा दोघांचं मिळून अर्धंच तिकीट लागलं. अमरावती ते परतवाडा गाड्या दिवसभर आहेत. परतवाड्याला उतरून चिखलदऱ्याची गाडी धरायची. तिथून वर जायला दोन रस्ते आहेत, एक धामणगाव गढी-मोथा करत आणि दुसरा घटांगवरून. आम्ही पहिल्यानं गेलो. आधारकार्ड मूळ जवळ ठेवा, मोफत प्रवासासाठी वयाचा पुरावा लागतो.

धामणगाव गढी मागे पडलं की संत्र्याचे बगीचे संपतात आणि गाडी पहिल्या गिअरवर येते. बाबांना ड्रायव्हरच्या मागची जागा मिळाली होती. मी त्यांच्याकडे पाहत होते. प्रत्येक वळणाआधी त्यांचा उजवा पाय चपलेसकट पत्र्यावर दाबला जायचा, वळण सुटलं की सैल व्हायचा. डावा हात मांडीवरून उचलला जायचा आणि परत खाली यायचा. ड्रायव्हर तिशीतला मुलगा होता. त्यानं आरशात दोन-तीनदा पाहिलं आणि विचारलं, "काका, कोन्त्या डेपोले होते?"

"परतवाडाच."

पोरगा हसला. मग पुढचा अर्धा तास दोघांचं बोलणं, आणि सगळं वळणांवरच. इथे आधी मोठं आंब्याचं झाड होतं, दरड इथेच यायची, त्या वळणाला दोनदा हॉर्न मारा लागत होता, आता लागते का? "लागते न काका, अजूनबी लागते." मोथ्याच्या जवळ धुक्याचा मागमूस नव्हता. डावीकडे सगळा वऱ्हाडचा मैदानी मुलूख खाली पसरलेला, शेतांचे चौकोन, मध्ये कुठे तळ्याचं चमकणं. अकरा वर्षं हे दृश्य ज्यांच्या खिडकीबाहेर होतं ते म्हणाले, "इकडे पाह्याले टाइमच नोता."

आता राहण्याबद्दल. पहिल्या रात्रीची खोली मी फोनवरून, फोटो पाहून घेतली होती. तिथे आमची फसगत झाली. फोटोत बाल्कनीतून दरी होती. प्रत्यक्षात खिडकी उघडली की हाताच्या अंतरावर शेजारच्या इमारतीची भिंत. गरम पाणी सकाळी सहा ते आठ म्हणाले होते, आलं ते कोमट. जानेवारीत इतक्या उंचीवर, समुद्रसपाटीपासून अकराशे मीटरच्या वर, म्हाताऱ्या माणसाला कोमट पाणी चालत नाही. भांडून काही हाती लागलं नसतं, म्हणून सकाळीच खोली सोडली. माझा सल्ला असा, की फोनवर तीन प्रश्न स्पष्ट विचारा. खिडकी कोणत्या दिशेला आहे, गरम पाणी कशावर तापतं आणि खोलीपर्यंत पायऱ्या किती आहेत.

दुसऱ्या दिवसापासून आम्ही मोथ्याच्या बाजूला एका घरी राहिलो. घरामागे दोन खोल्या, मोठं अंगण, भाडं दिवसाला अठराशे, त्यात दोन वेळचं जेवण. पाणी चुलीवरच्या गुंडात तापायचं आणि ताई सकाळी दाराशी बादली ठेवून आवाज द्यायच्या, "काकाजी, पानी घ्या जी." गादी कडक, पण ब्लँकेटं स्वच्छ आणि जड. जेवण तर मी विसरणार नाही. जानेवारी म्हणजे तुरीच्या शेंगांचे दिवस. पहिल्या दिवशी ओल्या सोल्यांची आमटी, ज्वारीची गरम भाकर, हिरवा ठेचा. दुसऱ्या दिवशी वांग्याची भाजी आणि कढी. बाबांनी तिसरी भाकर मागून घेतली. आई गेल्यापासून मी त्यांना दोनच्या वर खाताना पाहिलं नव्हतं.

मोथ्याची ओळख म्हणजे तिथले गवळी, त्यांच्या म्हशी आणि खवा. हा खवा कसा होतो ते जरूर उभं राहून पाहा. आम्ही संध्याकाळी गेलो तेव्हा भट्टीवर मोठी लोखंडी कढई चढलेली होती आणि एक आजोबा हातात लांब दांड्याचा सराटा घेऊन बसलेले. दूध नुसतं ढवळत नव्हते. कढईच्या कडेला जी पातळ साय धरते ती सराट्यानं खरवडून परत मधोमध ढकलत होते, न थांबता, एकाच लयीत. सुरुवातीला दुधाचा आवाज खळखळ येतो, मग दाट होत गेलं की बुडबुडे मोठे होतात आणि फुटताना थप् थप् वाजतात. तो आवाज बदलला की आजोबा जाळ कमी करायला सांगत, कढईकडे न पाहता. म्हशीच्या चार-पाच लिटर दुधाचा किलोभर खवा पडतो. शेवटी कढईच्या तळाशी जी खरपूस खरवड राहिली ती त्यांनी पानावर काढून बाबांच्या हातात दिली. बाजारातल्या खव्याला जो पिठूळपणा असतो तो इथे नावालाही नाही; जिभेवर दाणेदार लागतो आणि धुराचा अगदी हलका वास. रबडीही चांगली, पण गोड जास्त. मी खवा घ्या म्हणेन. थंडीच्या दिवसांत अमरावतीपर्यंत बिनधास्त येतो, उन्हाळ्यात आणू नका.

मोथ्यात स्ट्रॉबेरीही होते. रस्त्याच्या कडेला डबे घेऊन बसलेले असतात. महाबळेश्वरच्या मानानं फळ लहान आणि आंबट जास्त, पण सकाळी तोडलेलं मिळतं, आणि त्याचा वास डब्याचं झाकण उघडायच्या आधी येतो. चिखलदऱ्याची कॉफीही विचारून घ्या. महाराष्ट्रात कॉफीची झुडपं पाहायला मिळणं हीच मोठी गोष्ट आहे. जानेवारीत लाल फळं धरलेली असतात. मी पूड आणली. दुधात छान लागते, कोरी थोडी कडवट.

पॉइंटांबद्दल फार लिहीत नाही. पंचबोलला हाक मारली की प्रतिध्वनी येतो, बाबांनी "चिखलदरा, परतवाडा, अमरावती" असं कंडक्टरच्या सुरात ओरडून पाहिलं आणि शेजारच्या कॉलेजच्या पोरांनी टाळ्या वाजवल्या. भीमकुंडाला पाणी जानेवारीत बारीक असतं. भीमानं कीचकाला मारून या दरीत टाकलं आणि इथे हात धुतले, कीचकाच्या दरीवरून चिखलदरा नाव पडलं, ही कथा गाडीवाल्यापासून चहावाल्यापर्यंत सगळे सांगतात. पावसाळ्यात याच कुंडावरचा धबधबा पाहायला गर्दी असते, पण आता धुकं नसल्यामुळे कातळाचे थर, खाली उतरत गेलेलं जंगल, घारी आपल्या पायाखाली फिरताना, हे सगळं दिसतं. देवी पॉइंटला खडकाखाली देवीचं ठाणं आहे, वरून पाणी झिरपत असतं, पायऱ्या ओल्या असतात. म्हाताऱ्या माणसाचा हात सोडू नका. एका पॉइंटवर स्वच्छतागृहाला कुलूप होतं आणि किल्ली कोणाकडे हे कोणालाच ठाऊक नव्हतं. बायकांनी आणि ज्येष्ठांनी मुक्कामाच्या ठिकाणाहूनच जाऊन निघावं.

माझ्या मते चिखलदऱ्यात सर्वांत मोठी गोष्ट गाविलगड आहे, आणि पावसाळी पर्यटक तिकडे फिरकत नाहीत. गावापासून दोन-तीन किलोमीटरवर. आम्ही दुसऱ्या दिवशी सकाळी आठला जीपनं पायथ्याशी उतरलो आणि साडेअकरापर्यंत सावकाश फिरलो. ज्यांचे गुडघे शाबूत आहेत अशा ज्येष्ठांना दरवाज्यांपर्यंत सहज जाता येतं. त्यापुढे वाट झुडपांतून आहे, काठी हवी, पाणी सोबत हवं, आत काही मिळत नाही.

मूळ गढी गवळ्यांची, म्हणून गाविलगड असं म्हणतात. दगडी किल्ला बहमनी सुलतान अहमदशहा वलीनं १४२५ च्या सुमारास बांधायला घेतला आणि पुढे वऱ्हाडच्या इमादशाहीनं तो मजबूत केला. त्यांची राजधानी खाली अचलपूरला, संकट आलं की आसरा वर. दिल्ली दरवाज्यासमोर आलात की घाई करू नका. कमानीवर सिंह कोरलेत आणि गंडभेरुंड, म्हणजे दोन डोक्यांचा पक्षी, हत्तींना धरून असलेला. हत्ती इतके लहान की पक्ष्याची भक्ष्यं वाटतात. इमादशाहीचा संस्थापक फतहुल्ला मूळचा विजयनगरच्या मुलखातला, आणि गंडभेरुंड तिकडचं राजचिन्ह. दक्षिणेतला पक्षी सातपुड्याच्या माथ्यावर कसा आला याचं उत्तर बहुधा त्यातच आहे. सकाळचं तिरपं ऊन त्या कमानीवर पडतं तेव्हा पिसांच्या रेषा उठून दिसतात. दुपारी सगळं सपाट होतं, म्हणून सकाळीच जा.

१५ डिसेंबर १८०३ ला नागपूरकर भोसल्यांकडून हा किल्ला इंग्रजांनी घेतला. सेनापती आर्थर वेलस्ली, पुढे वॉटर्लूला नेपोलियनला हरवणारा वेलिंग्टन तोच. किल्लेदार बेनीसिंग लढताना पडला. दोनच दिवसांनी देवगावचा तह झाला आणि वऱ्हाड भोसल्यांच्या हातून गेलं. हे मी बाबांना पायरीवर बसवून सांगत होते. तलवारी-तोफांत त्यांना रस नव्हता. पण किल्ल्याच्या उत्तर अंगाला तोफा न्यायला इंग्रजांच्याच कर्नल स्टीव्हन्सनच्या फौजेनं डोंगरातून सुमारे ३० मैल, स्वतःच रस्ता फोडत, जड तोफा ओढत नेल्या, हे ऐकल्यावर ते सरळ बसले. किती दिवस लागले? पाचेक दिवस. बैल किती? उतारावर गाडा रोखायला काय लावलं? हे पुढचं मला काहीच सांगता येईना. ते उठले, तटाच्या फटीतून उत्तरेच्या डोंगरांकडे बराच वेळ पाहत राहिले आणि बोटानं हवेत एक वाट काढत गेले, ही सोंड, मग तो खळगा, मग इकडून वर. "येतीन," म्हणाले. "तिकडूनच येतीन. दुसरी जागा नाही."

आत मोठी मशीद, तलाव, लांबलचक तोफा आहेत. माहितीफलक कमी आहेत, त्यामुळे गावातला वाटाड्या घ्या. आमच्यासोबत आलेला मुलगा कोरकू होता, अचलपूरच्या कॉलेजात शिकणारा. कोरकू म्हणजे त्यांच्या भाषेत 'माणसं'. ही भाषा मराठी-हिंदीच्या नात्यातली नाही, झारखंडकडच्या मुंडारी-संथाळीच्या कुळातली आहे, आणि हे त्या मुलानं अभिमानानं सांगितलं. त्याच्या गावावरून जाताना आम्ही थांबलो. रस्त्याच्या दोन बाजूंना समोरासमोर घरांच्या सरळ ओळी, मातीच्या भिंती, सारवलेली अंगणं. पर्यटक तिथे थांबून न विचारता घरांचे, बायकांचे फोटो काढतात, असं तो म्हणाला आणि खाली पाहिलं. कृपा करून असं करू नका. होळीला मोठा सण असतो, तेव्हा बोलावलं तरच या, असंही म्हणाला.

तिसऱ्या दिवशी सेमाडोह, मेळघाटच्या जंगलातलं गाव. चिखलदऱ्याहून भाड्याची जीप केली. मेळघाट हा १९७३-७४ मध्ये जाहीर झालेल्या देशातल्या पहिल्या नऊ व्याघ्रप्रकल्पांपैकी एक. वाघ पाहायचाच असेल तर ताडोब्याला जा. इथे डोंगर उंच-सखल, साग दाट, वाघ दिसणं नशिबाचं. आम्हाला दिसला नाही. रानगवे दिसले, सांबर दिसलं, वाटेवर अस्वलानं उकरलेली वारुळं दिसली. आणि एक गोष्ट अशी दिसली की सफारीच्या जिप्सीतले सगळे गप्प झाले. सकाळी नऊला, भर उन्हात, सागाच्या उघड्या फांदीवर मुठीएवढं घुबड. छातीवर जाड तपकिरी पट्टे, शेपटी झटक्यानं डावी-उजवी. गाइड कुजबुजला, "रानपिंगळा." हा पक्षी ११३ वर्षं कोणाला दिसला नव्हता, संपलाच असं धरून चालले होते, आणि १९९७ मध्ये नंदुरबारकडे पुन्हा सापडला. नंतर मेळघाटातही आढळला. दोन मिनिटं आमच्याकडे पाहत बसला. सिपना नदीच्या काठी जीप थांबली तेव्हा गाइडनं सांगितलं की कोरकूत सिपना म्हणजे साग. बाबा म्हणाले, या पुलावर पावसाळ्यात गाडी घेऊन रात्रभर थांबलो होतो, पाणी उतरायची वाट पाहत, तीस पॅसेंजर होते, एका कोरकू बाईनं सगळ्यांना मक्याची कणसं भाजून दिली. ही गोष्ट मी पन्नाशीला आले तरी कधी ऐकली नव्हती.

काही कामाच्या गोष्टी. रोख पैसे परतवाड्यालाच काढा, मोथ्यात आणि जंगलात फोनवरून पैसे जाईनात, रेंजच नव्हती. रोजची औषधं दोन दिवसांची जास्त ठेवा. पहाटे कानटोपी, मोजे आणि स्वेटर हवेतच. दुपारी मात्र सुती कपड्यात चालतं. जीपचं भाडं आधी ठरवा आणि थांबायचा वेळही ठरवा, नाहीतर गाविलगडावर अर्ध्या तासात हॉर्न वाजायला लागतो. सफारीचं आरक्षण आधी करा. परतताना वेळ असेल तर परतवाड्याजवळ बहिरमची यात्रा महिनाभर असते, हंडीतलं मटण आणि रोडगे खायला लोक लांबून येतात. आम्ही गेलो नाही, बाबांना संध्याकाळच्या आत घरी पोचायचं होतं.

परतीला घटांगवरून येणारी गाडी घेतली. दोन किलो खवा स्टीलच्या डब्यांत, वरून ओला पंचा गुंडाळून. त्यातला एक डबा बाबांनी घरी न आणता परस्पर त्यांच्या जुन्या कंडक्टर मित्राकडे नेला, जे त्यांच्यासोबत याच गाडीवर सहा वर्षं होते. रात्री फोनवर दोघांचं चाललेलं ऐकलं, दिल्ली दरवाजा, दोन डोक्यांचा पक्षी, तोफा कोणत्या सोंडेनं आल्या. मग फोन हातानं झाकून मला म्हणाले, "फेब्रुवारी संपाच्या आत परत जातो आम्ही दोघं. तिकीट आम्हाले लागत नाही. तू फक्त त्या मोथ्याच्या ताईले फोन लावून दे."